किम थुई : निर्वासित, उपाहारगृहचालक आणि कादंबरीकार

फ्रेंच भाषेतून लिहिणाऱ्या कॅनडातील आजच्या लेखकांमध्ये किम थुई यांचे नाव अग्रक्रमाने घेतले जाते. मात्र फ्रेंच ही त्यांची मातृभाषा नव्हे. वयाच्या दहाव्या वर्षी मायदेश सोडावा लागलेल्या या लेखिकेने शिवणकाम, दुभाषेगिरी, वकिली आणि उपाहारगृह अशी मजल-दरमजल करीत चाळिशी ओलांडल्यावर आपले पहिले पुस्तक प्रसिद्ध केले.

किम थुई यांचा जन्म १९६८ मध्ये सायगाव येथे झाला. व्हिएतनामी नववर्षाच्या, म्हणजे ‘तेत’ सणाच्या मुहूर्तावर कम्युनिस्ट फौजांनी दक्षिणेतील शहरांवर एकाच वेळी हल्ले चढविले, ते हेच वर्ष. कुटुंब सुखवस्तू होते. ३० एप्रिल १९७५ रोजी सायगाव पडले आणि दक्षिण व्हिएतनामचे राज्य संपुष्टात आले. जुन्या राजवटीतील सधन व सुशिक्षित कुटुंबांवर संशयाची नजर होती. मालमत्ता जप्त होत होत्या, अनेकांची रवानगी ‘पुनर्शिक्षण’ छावण्यांमध्ये होत होती. अखेर आई-वडील आणि दोन भावांसह किम थुई यांनी नावेतून देश सोडला.

१९७५ नंतरच्या दोन दशकांत सुमारे आठ लाख व्हिएतनामी नागरिक अशा प्रकारे समुद्रमार्गे परदेशांच्या किनाऱ्याला लागले. वादळे, चाचे आणि उपासमार यांना बळी पडलेल्यांची निश्चित गणती कोणाकडेही नाही. किम थुई यांचे कुटुंब मलेशियातील निर्वासित छावणीत पोहोचले व तेथे काही महिने राहिले. त्याच सुमारास कॅनडाने मोठ्या संख्येने निर्वासितांना सामावून घेण्याचा निर्णय घेतला होता. १९७९-८० या काळात सुमारे ६० हजार निर्वासित तेथे दाखल झाले. त्यांपैकी अनेकांची जबाबदारी सरकारऐवजी सामान्य नागरिकांच्या गटांनी व चर्चसंस्थांनी उचलली, ही बाब विशेष म्हटली पाहिजे. या कार्याबद्दल १९८६ मध्ये कॅनडाच्या जनतेला संयुक्त राष्ट्रांचे नान्सेन पदक देण्यात आले.

क्विबेक प्रांतातील ग्रॅनबी या लहान शहरात या कुटुंबाने नव्याने संसार मांडला. पुढे किम थुई यांनी माँट्रियल विद्यापीठातून भाषाशास्त्र व भाषांतर या विषयांची आणि त्यानंतर कायद्याची पदवी संपादन केली. १९८६ मध्ये ‘दोई मोई’ धोरण स्वीकारून व्हिएतनामने बाजारपेठ खुली करण्यास प्रारंभ केला होता. त्या सुधारणांच्या काळात वकील म्हणून काम करण्यासाठी किम थुई हनोईला गेल्या. ज्या राजवटीमुळे घर सोडावे लागले, तिच्याच राजधानीत सल्लागार चमूच्या सदस्य म्हणून परतण्याचा हा योग विरळाच. (व्हिएतनामशी भारत आणि कॅनडा यांचा आणखी एक जुना संबंध आहे. १९५४ च्या जिनिव्हा करारानंतर नेमलेल्या आंतरराष्ट्रीय देखरेख आयोगाचे अध्यक्षपद भारताकडे होते, तर कॅनडा आणि पोलंड हे सदस्य होते.)

वकिली सोडल्यानंतर त्यांनी माँट्रियलमध्ये ‘रू द नाम’ हे व्हिएतनामी उपाहारगृह उघडले. सुमारे पाच वर्षे ते चालले. त्या दिवसांत थकव्यामुळे गाडी चालविताना डुलकी लागत असे. ती टाळण्यासाठी लाल दिव्यापाशी थांबल्यावर आपण टिपणे लिहू लागलो, असे त्यांनी मुलाखतींत सांगितले आहे. उपाहारगृह बंद झाले. टिपणे मात्र वाढत गेली आणि त्यांतूनच ‘रू’ ही कादंबरी आकारास आली.

२००९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या कादंबरीचे शीर्षकच दोन भाषांना जोडणारे आहे. ‘रू’ म्हणजे फ्रेंचमध्ये लहानसा ओहोळ, तर व्हिएतनामीत अंगाई. निवेदिका आणि तिची आई यांच्या नावांत केवळ एका टिंबाचा फरक आहे. सायगावमधील घर, छावणीतील चिखल, ग्रॅनबीतील बर्फ आणि निवेदिकेचा स्वमग्न मुलगा यांच्या आठवणी कालक्रम न पाळता, एकेका पानाच्या तुकड्यांतून येतात. दुःखाचा आक्रोश लेखिका कोठेही करीत नाही. हा संयमच पुस्तकाचे खरे बळ आहे. ‘रू’ला २०१० मध्ये फ्रेंच ललित साहित्यासाठी कॅनडाचा गव्हर्नर जनरल पुरस्कार मिळाला. शीला फिशमन यांच्या इंग्रजी अनुवादाने २०१५ मध्ये ‘कॅनडा रीड्स’ ही स्पर्धा जिंकली, तर २०२३ मध्ये शार्ल-ऑलिव्हिए मिशो यांनी कादंबरीवर चित्रपट केला.

स्वयंपाकघर मात्र लेखनातून सुटले नाही. ‘मान’ (२०१३) या कादंबरीची नायिका माँट्रियलमध्ये पतीच्या उपाहारगृहात रांधते आणि एखाद्या पदार्थाच्या वासाने गिऱ्हाइकांना गाव आठवते. २०१७ मध्ये आई व मावश्यांच्या हातच्या पदार्थांचे पाककृतींचे पुस्तकही त्यांनी प्रसिद्ध केले. व्हिएतनामी जेवणात अपरिहार्य असलेल्या माशांच्या खारट रसाला ‘नुओक माम’ म्हणतात. त्यातील ‘नुओक’चा अर्थ पाणी, आणि स्वदेशासाठीही व्हिएतनामीत हाच शब्द वापरतात.

२०१८ मध्ये नोबेल साहित्य पुरस्कार स्थगित झाल्यावर स्वीडनमध्ये देण्यात आलेल्या पर्यायी पुरस्काराच्या अंतिम चौघांत मारीस कोंदे, नील गेमन आणि हारुकी मुराकामी यांच्यासह किम थुई यांचा समावेश होता. मुराकामी यांनी माघार घेतली आणि पुरस्कार कोंदे यांना मिळाला. त्यानंतर २०२० मध्ये किम थुई यांची ‘एम’ ही कादंबरी आली. रबराच्या मळ्यांपासून माय लाय हत्याकांडापर्यंत आणि सायगावमधून विमानाने हलविलेल्या अनाथ बालकांपर्यंत तिचा पट पसरला आहे.