पेयोटी : एका निवडुंगाची नावे आणि त्यांचा इतिहास

उत्तर मेक्सिकोचे चिवावा वाळवंट आणि टेक्सस राज्याच्या दक्षिणेस असलेला रिओ ग्रांदे नदीचा परिसर, या प्रदेशात काटेरी झुडपांच्या आडोशाने एक लहानसा, काटे नसलेला निवडुंग वाढतो. त्याचा निळसर हिरवा माथा जमिनीच्या पातळीवर जेमतेम दिसतो. रानात बीजापासून फूल येईपर्यंत दहा वर्षेही सहज लोटतात. वनस्पतिशास्त्रज्ञ या प्रजातीस ‘लोफोफोरा’ म्हणतात. लोकव्यवहारात तिचे नाव ‘पेयोटी’. नावांचा घोटाळा ही कोशकारांपुरती अडचण आहे, असे सामान्यतः मानले जाते. या वनस्पतीच्या बाबतीत मात्र तो घोटाळा कायद्यापर्यंत पोहोचला व एका समाजाच्या उपासनेस बाधक ठरला.

‘पेयोटी’ हा शब्द अझ्टेकांच्या नावाट्ल भाषेतील ‘पेयोट्ल’ या शब्दाचे रूपांतर होय. त्या भाषेतील अन्त्य ‘ट्ल’ स्पॅनिश उच्चारात ‘ते’ होतो. ‘तोमाट्ल’पासून ‘तोमाते’ आणि त्यावरून आपल्या परिचयाचा ‘टोमॅटो’, हा त्याच परिवर्तनाचा दाखला आहे. सोळाव्या शतकात बेर्नार्दिनो दे साआगून या फ्रान्सिस्कन पाद्र्याने, ही वनस्पती प्रथम चिचिमेक लोकांनी शोधली, असे नमूद केले. पुढे इ. स. १६२० मध्ये मेक्सिकोच्या धर्मन्यायपीठाने तिच्या वापरास बंदी घातली. या आज्ञापत्रात वनस्पतीचे देशी नावच आले होते. बंदी कशावर आहे, याविषयी संदिग्धता नव्हती.

संदिग्धता निर्माण झाली ती एकोणिसाव्या शतकात, अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांत. ‘मेस्कल’ हा शब्द मूळ नावाट्लमधील ‘मेश्कल्ली’, म्हणजे भाजलेला घायपात, यावरून आला. पुढे घायपातापासून काढलेल्या मद्यासही तेच नाव पडले. टेक्ससमधील एका विषारी तांबड्या बीलाही ‘मेस्कल बीन’ म्हणत, आणि पेयोटीच्या वाळलेल्या चकत्या ‘मेस्कल बटन’ म्हणून ओळखल्या जाऊ लागल्या. अशा रीतीने मद्य, विषारी बी आणि निवडुंग हे तीन भिन्न पदार्थ एकाच शब्दाखाली आले. इ. स. १८९९ मध्ये ओक्लाहोमा प्रदेशाच्या विधिमंडळाने जो बंदीचा कायदा केला, त्याचा रोख पेयोटीवर होता, परंतु शब्द योजला होता ‘मेस्कल बीन’. कोमांची पुढारी क्वाना पार्कर यांनी पेयोटीच्या बाजूने आपले वजन खर्च केले आणि इ. स. १९०८ मध्ये तो कायदा रद्द झाला.

शास्त्रीय परिभाषाही या घोटाळ्यापासून अलिप्त राहिली नाही. इ. स. १८४५ मध्ये लमेर याने या निवडुंगाचा समावेश ‘एकिनोकॅक्टस’मध्ये केला होता, इ. स. १८९४ मध्ये कोल्टर याने त्याची स्वतंत्र प्रजाती मानून ‘लोफोफोरा’, म्हणजे ‘तुरे धारण करणारी’, हे ग्रीक नाव दिले. काट्यांच्या जागी असणाऱ्या लोकरीसारख्या झुबक्यांना ते यथार्थ लागू पडते. परंतु इ. स. १८९७ मध्ये आर्थर हेफ्टर याने यातील मुख्य अल्कलॉइड वेगळे केले, तेव्हा त्यास ‘मेस्कालिन’ हे नाव मिळाले. मेस्कल मद्यात हे द्रव्य नसते. तथापि चुकीचे नाव रसायनशास्त्रात कायम झाले.

इ. स. १९१८ मध्ये मानववंशशास्त्रज्ञ जेम्स मूनी यांच्या साहाय्याने ओक्लाहोमात ‘नेटिव्ह अमेरिकन चर्च’ची नोंदणी झाली. त्यानंतर शहात्तर वर्षांनी, इ. स. १९९४ च्या संघीय कायद्याने मूलनिवासींच्या पारंपरिक उपासनेतील पेयोटीच्या वापरास संरक्षण दिले. त्या कायद्यात शब्द आहे ‘पेयोटी’.

मेक्सिकोतील हुइचोल लोक या वनस्पतीस ‘हिकुरी’ म्हणतात आणि तिच्यासाठी सान लुइस पोतोसी राज्यातील विरिकुता या पवित्र भूमीची यात्रा करतात. शासन, शास्त्र आणि बाजार यांनी नावे बदलली, तरी त्या यात्रेकरूंच्या भाषेत वनस्पतीची ओळख कधी हरवली नाही. एखाद्या समाजाच्या आचारावर निर्बंध घालू पाहणाऱ्याने त्या समाजाचा शब्द आधी समजून घेणे किती अगत्याचे आहे, हे या इतिहासावरून स्पष्ट होते.