गवंड्याची दोरी, लीलावतीचा वेळू

३० सप्टेंबर १९९३ च्या भूकंपानंतर लातूरकडे किल्लारी परिसरात गावेच्या गावे नव्याने वसली. वाकडा कोपरा कुणाला परवडणार होता? गवंडी दोरीवर ३, ४, ५ फूट मोजतो आणि पाया गुण्यात घेतो.

भास्कराचार्यांनी शके १०७२ मध्ये, म्हणजे ११५० च्या सुमारास, ‘लीलावती’त हेच नाते वापरून न दिसणारी बाजू काढली. ३२ हात उंच वेळू वाऱ्याने मोडला, शेंडा बुंध्यापासून १६ हातांवर टेकला. मोडला कुठे? १६ चा वर्ग ३२ ने भागा, ८ येतात. ३२ मधून ते वजा करून निम्मे केले की १२, हे उत्तर. मिळवून निम्मे केले की २०, तो कर्ण. वेळूवर चढावेच लागत नाही, याची मला फार मौज वाटते. शाळेत आम्ही सूत्र घोकले, वेळू कुणी दाखवलाच नाही.

हे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून चाळीसगावजवळ पाटणच्या मठाला १२०७ मध्ये दान मिळाले. तसा शिलालेखच तिथे आहे.