जागेचा वाद मिटला, शब्दाचे काय?

बाबरी मशिदीचे रक्षण करू, अशी हमी उत्तर प्रदेश सरकारने सर्वोच्च न्यायालयाला दिली होती. ६ डिसेंबर १९९२ रोजी मशीद पाडली गेली. १९९४ मध्ये तत्कालीन मुख्यमंत्री कल्याणसिंग यांना न्यायालयाच्या अवमानाबद्दल एक दिवसाची कैद व २००० रुपये दंड झाला. पण तो जुलै १९९२ मधील चबुतऱ्याच्या बांधकामाबद्दल. मशीद पाडल्याबद्दलची अवमान याचिका पडूनच राहिली. याचिकाकर्ते अस्लम भुरे २०१० मध्ये वारले, कल्याणसिंग २०२१ मध्ये. २०१९ च्या निकालाने जागेचा वाद संपला म्हणून ३० ऑगस्ट २०२२ रोजी हे प्रकरणही बंद झाले. जागा कुणाची, हे ठरले. पण अवमानाचा प्रश्न जागेचा नव्हता. तो न्यायालयाला दिलेल्या शब्दाचा होता. त्याचे उत्तर मिळालेच नाही.