वाढदिवसाची सोडत

विद्यार्थी मित्रहो, आपल्या जन्मतारखेची गोटी निघाली म्हणून युद्धावर जावे लागेल, अशी कल्पना तरी आपण कराल काय? ऑस्ट्रेलियात १९६५ पासून हे प्रत्यक्ष घडले. वीस वर्षांच्या तरुणांची सोडत निघे, आणि त्यांतील हजारोंची रवानगी व्हिएतनामला होई. मतदानाचे वय मात्र एकवीस! १८ ऑगस्ट १९६६ रोजी लाँग टानच्या रबराच्या मळ्यात, मुसळधार पावसात, १८ ऑस्ट्रेलियन सैनिक पडले. त्यांतील ११ सोडतीतले. युद्धात गेलेल्या सुमारे ६०,००० पैकी ५०० हून अधिक दगावले, ३,००० वर जखमी झाले. व्हिएतनामी मृतांची गणती तर लाखांत आहे. पालकहो, सक्तीची भरती डिसेंबर १९७२ मध्ये थांबली. अठराव्या वर्षी मताधिकार मिळाला १९७३ साली.