डोनोरा : धुक्यातला सामना

मंगळवार, २६ ऑक्टोबर १९४८ : अमेरिकेच्या पेनसिल्व्हेनिया राज्यातलं डोनोरा हे चौदा हजार वस्तीचं गाव धुक्यात उठलं. मोनोंगाहेला नदीचं वळण, भोवती टेकड्या, काठावर पोलाद आणि जस्ताचे कारखाने. धुरानं पलीकडच्या टेकडीवरची हिरवळ केव्हाच जाळून टाकली होती. तरी धूर निघतोय म्हणजे पगार चालू आहे, हा तिथला हिशेब. या खेपेला वर उबदार हवेचं झाकण बसलं आणि गंधकाचा धूर खालीच कोंडला.

शुक्रवार, संध्याकाळ : हॅलोविनची मिरवणूक ठरल्याप्रमाणे निघाली. बघायला आलेल्यांना नुसत्या सावल्या दिसल्या.

शनिवार, पहाटे दोनच्या सुमारास : पहिला मृत्यू.

शनिवार, सकाळ : अग्निशामक दलाचे लोक ऑक्सिजनची नळकांडी घेऊन, कुंपणं चाचपत घरोघर फिरत होते. साठा अपुरा. एकाला थोडा वेळ श्वास द्यायचा, त्याला जरा हुशारी वाटली की नळी काढून पुढच्या दारात जायचं. मागे उरलेल्या माणसाकडे वळून बघायला त्यांना किती जड गेलं असेल! आरोग्य मंडळाचे डॉ. विल्यम रोंगॉस ‘गाव सोडा’ म्हणून सांगत होते. पण सोडायचं तर रस्ता दिसायला हवा. कम्युनिटी सेंटरमध्ये प्रेतं ठेवायची सोय करावी लागली.

शनिवार, दुपार : शाळेच्या मैदानावर फुटबॉलचा सामना. प्रेक्षक आले, चेंडू दिसेना, तरी खेळ झाला. या साऱ्या घटनाक्रमात मला हीच नोंद सगळ्यात भयंकर वाटते. गावात माणसं मरत होती आणि बाकीच्यांना तो नेहमीचाच धूर वाटत होता.

रविवार, सकाळी सहा : जस्ताच्या कारखान्यातल्या भट्ट्या अखेर मंदावू लागल्या. मग पाऊस आला. एकूण वीसजण गेले, सहा हजारांच्या आसपास आजारी पडले.

सोमवार : कारखाना पुन्हा सुरू.

कारखान्यांच्या मालक कंपनीच्या मते ही देवाची करणी. धुकं देवाचं म्हणू, पण गंधक? १९५१ मध्ये भरपाई देऊन तिनं आपल्यावरचे खटले मिटवले, दोष मात्र मानला नाही. हवेच्या प्रदूषणावरचा अमेरिकेचा पहिला केंद्रीय कायदा १९५५ चा, ‘क्लीन एअर अ‍ॅक्ट’ १९६३ चा. आज डोनोरात त्या धुक्याचं संग्रहालय आहे. पाटीवर लिहिलंय : स्वच्छ हवेची सुरुवात इथून झाली.