‘रात्र आणि धुके’ : पार्श्वसंगीताचा संयम

इतिहासविषयक अनुबोधपटांबद्दल लिहिताना आपण संहिता, निवेदन, छायाचित्रण यांची चर्चा करतो. संगीताबाबत मात्र ‘प्रसंगाला साजेसे’ एवढे म्हणून थांबतो. परंतु प्रसंगच असा असेल की त्याला काही साजणेही अश्लाघ्य ठरावे, तर संगीतकाराने काय करावे?

या प्रश्नासाठी आलँ रेने यांचा ‘रात्र आणि धुके’ हा ३२ मिनिटांचा फ्रेंच अनुबोधपट आम्हांला महत्त्वाचा वाटतो. नाझी छळछावण्या मुक्त झाल्याला दहा वर्षे लोटल्यावर, १९५५ साली तो तयार झाला. निवेदन लिहिले छावणीतून वाचलेले कवी झाँ केरोल यांनी, आणि संगीत दिले हान्स आइस्लर यांनी. आइस्लर हे शोएनबर्ग यांचे शिष्य, ब्रेख्त यांचे सहकारी. १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आल्याने ते मायदेशाला मुकले; १९४८ मध्ये अमेरिकेलाही मुकावे लागले. हा विषय त्यांना परका नव्हता. तरीही, किंबहुना म्हणूनच, त्यांनी आक्रोश टाळला.

चित्रपटसंगीताने दृश्याची केवळ री ओढू नये, हा विचार त्यांनी आडोर्नो यांच्यासमवेत लिहिलेल्या आणि १९४७ साली प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात मांडला होता. येथे त्याची कसोटी लागते. पडद्यावर प्रेतांचे ढीग दिसतात तेव्हा वाद्यवृंद गर्जत नाही. दृश्य जितके असह्य, तितके संगीत हलके आणि विरळ होत जाते. आरंभीची सुरावट तर त्यांनी योहानेस बेखर यांच्या ‘विंटरश्लाख्ट’ या नाटकासाठी आधीच रचलेली होती. मॉस्कोच्या लढाईतील जर्मन सैनिकांचे ते नाटक. म्हणजे शोक सुरावटीत भरून ठेवलेला नसतो. ती कोणत्या दृश्याशेजारी उभी राहते, यावर तिचा अर्थ ठरतो.

आपल्या रसचर्चेनुसार शोक हा स्थायीभाव करुण रसात परिणत होतो, आणि म्हणूनच त्याचा आस्वाद घेता येतो. नाटकात ते इष्टच. परंतु इतिहासातील प्रेते म्हणजे कवीने योजिलेले विभाव नव्हेत. त्यांचा आस्वाद घेता येणे, हाच येथील धोका होय. व्हायोलिनने आपल्या वतीने रडून घेतले की आपण हलके होऊन उठतो आणि प्रश्न तेथेच मिटतो. आइस्लर यांचे संगीत ही सोय नाकारते. ते प्रेक्षकाला साक्षीदाराच्या जागी बसवते आणि त्याच्या वाट्याचे दुःख त्याच्याकडेच ठेवते.

आपल्याकडे फाळणी, दुष्काळ वा दंगली यांवरील अनुबोधपट पाहताना सारंगीचा आर्त सूर लागला की आपले डोळे भरून येतात. त्या क्षणी आपण काय पाहायचे थांबवले, हे विचारणे समीक्षेचे काम आहे.