माझगाव
मुंबईच्या मूळ सात बेटांपैकी एक. येथील किल्ला जंजिऱ्याच्या सिद्दी याकूतखानाने १६९० मध्ये उद्ध्वस्त केला. तो ज्या भंडारवाडा टेकडीवर होता, तिथे आता जलाशय व उद्यान आहे. उद्यानाला काका बॅप्टिस्टांचे नाव आहे. टिळकांचे हे सहकारी १९१६ मध्ये होमरूल लीगचे अध्यक्ष झाले, १९२५ मध्ये मुंबईचे महापौर. त्यांचे घर माझगावातल्याच म्हातारपाखाडी गावठाणात. बाहेरून चढणारे लाकडी जिने, कौलारू छपरे, पुढे सज्जा अशी ईस्ट इंडियन ख्रिस्ती घरे या गावठाणात अजून टिकून आहेत. किनाऱ्यावरील माझगाव गोदी १९६० मध्ये सरकारने ताब्यात घेतली. ‘निलगिरी’ ही युद्धनौका तिथेच बांधली गेली.